कुठल्या तोंडाने प्रार्थना करू?

मागच्या महिन्यात या पानावर मी बायबलातल्या लूकच्या शुभवर्तमानातली परुशी (धर्माचे नियम काटेकोर पाळणारा) आणि जकातदाराची गोष्ट लिहिली होती. दोघं मंदिरात प्रार्थनेला जातात, परुशी म्हणतो देवा तुझे आभार, मी इतरांसारखा नाही, आठवड्यातून दोनदा उपास करतो, मिळकतीचा दहावा भाग देतो, आणि तो जकातदार (आपल्या इंदूरकडच्या बोलीत चुंगीवाला, लोकांनी पापी ठरवलेला) लांबच उभा राहतो, मान वर करायची हिंमत नाही, छाती बडवत एवढंच म्हणतो की देवा, मज पाप्यावर दया कर. आणि देवाशी नीट होऊन घरी गेला तो हा दुसरा. झालं, एवढ्याशा गोष्टीवर इतके मेसेज आले की या वेळी अख्खं पान त्यांनाच देऊन टाकते. नावं कोणाचीच छापत नाहीये. नवीन वाचकांसाठी सांगते, मी पाळक नाही की सिस्टर नाही, शाळेत शिकवून रिटायर झालेली बाई आहे, माहेर नगरकडचं प्रॉटेस्टंट आणि सासर कॅथलिक, त्यामुळे दोन्हीकडची भजनं पाठ आहेत आणि दोन्हीकडचे टोमणेही.

प्रश्न: ताई, जय ख्रिस्त. मी ५२ वर्षांचा, सुदामानगरला राहतो. तीन वर्षांपूर्वी शेअर बाजारात ऑप्शनच्या नादी लागून साडेअकरा लाख घालवले, बायकोच्या पाटल्या तिला न सांगता गहाण टाकल्या. मग सगळं उघड झालं. आता कर्ज फिटलंय, पाटल्या सोडवून आणल्या, बायको म्हणते विषय संपला. पण मी प्रार्थनेला बसलो की तोंडच उघडत नाही, सारखं तेच आठवून राहिलंय. रोज तीच माफी मागतो आणि उठतो. चर्चमध्ये मागच्या बाकावर बसतो, प्रभुभोजन (भाकर आणि द्राक्षारस) घेत नाही. जकातदाराचं एका वाक्यात काम झालं, माझं तीन वर्षांत का नाही? रात्री तीन तीनपर्यंत झोप नसते.

उत्तर: भाऊ, तुमचं पत्र दोनदा वाचलं. आधी एक सांगा, त्या पाटल्या वहिनी आता हातात घालतात का? घालत असतील तर विचार करा, रोज सकाळी चहाच्या वेळी तुम्ही त्यांचा हात धरून म्हणायला लागलात की मी तुझ्या पाटल्या गहाण टाकल्या, मला माफ कर, तर पहिल्या दिवशी त्यांचे डोळे भरून येतील, तिसऱ्या दिवशी त्या अहो पुरे म्हणतील आणि आठव्या दिवशी चिडतील, की म्हणजे मी माफ केलं ते तुम्हाला खरंच वाटत नाही तर! देव काही वहिनींपेक्षा कमी मनाचा नाही ना. माफी मागणं वेगळं आणि मिळालेली माफी घेणं वेगळं, तुम्ही पहिलं हजार वेळा केलंय, दुसरं एकदाही नाही.

आणि हे मी तुम्हाला बोल लावायला म्हणत नाहीये, कारण यात एक फसवी गोष्ट आहे जी मलाही फार उशिरा कळली. परुशी प्रार्थनेत स्वतःकडेच बघत होता, मी किती चांगला. लूकने लिहिलंय त्याचा एक अर्थ तर असा होतो की तो 'स्वतःशीच' प्रार्थना करत होता. आता तुम्ही बसता ते मी किती वाईट हे बघत. मजकूर उलटा आहे पण आरसा तोच आहे की नाही? जकातदाराच्या वाक्यात 'पापी' हा एकच शब्द स्वतःबद्दल आहे, बाकी सगळं वाक्य देवाकडे तोंड करून आहे. त्याने किती चुंगी जास्त उकळली, कोणाकडून, कोणत्या वर्षी, याचा हिशोब तो तिथे वाचून दाखवत बसला नाही.

पेत्र आणि यहूदा, या दोघांना एकदा शेजारी शेजारी ठेवून बघा. येशूच्या या दोन शिष्यांनी एकाच रात्री दगा दिला, यहूदाने त्याला धरून दिलं आणि पेत्राने मी त्याला ओळखत नाही म्हटलं. आणि यहूदाला पश्चात्ताप झाला नाही असं जे आपण संडे स्कूलमध्ये शिकतो ते बरोबर नाही हं, मत्तय आपल्या शुभवर्तमानात सरळ लिहितो की त्याला वाईट वाटलं, त्याने तीस नाणी परत नेली आणि मी निर्दोष माणसाला धरून दिलं असं कबूलही केलं. पण कबूल कुणापाशी केलं, तर याजकांपाशी, आणि ते म्हणाले आम्हाला त्याचं काय, तुझं तू बघ. चुकीच्या दारात गेला बिचारा. पेत्र रडला, पण पळून गेला नाही, बाकीच्यांबरोबर राहिला. पुढे योहानाने एक फार बारीक गोष्ट टिपलीय. पेत्राने तीन वेळा नाही म्हटलं तेव्हा तो कोळशाच्या विस्तवापाशी शेकत उभा होता, आणि पुनरुत्थानानंतर तळ्याकाठी येशूने त्यांच्यासाठी मासे भाजले तेही कोळशाच्याच विस्तवावर. तोच वास, तोच धूर! पेत्राच्या पोटात काय कालवलं असेल. पण येशू विचारत नाही की असं का केलंस, तो तीन वेळा विचारतो माझ्यावर प्रेम करतोस का, आणि दर वेळी काम सोपवतो, माझी मेंढरं चार. माफी मिळाल्याची खूण काय, तर छान हलकं हलकं वाटणं नाही, पुन्हा काम हातात येणं.

प्रभुभोजनाचं म्हणाल तर कॅथलिकांच्या मिस्सात कम्युनियनच्या (म्हणजे प्रभुभोजनाच्याच) अगदी आधी सगळी मंडळी बायबलातल्या त्या रोमी शताधिपतीचं, म्हणजे फौजी अधिकाऱ्याचं वाक्य म्हणते, की प्रभो, तू माझ्या छपराखाली यावंस अशी माझी योग्यता नाही. आणि हे म्हणून लोक काय करतात? बाकावर बसून राहत नाहीत, रांगेत पुढे जातात. योग्यता नाही म्हणायचं आणि तरी जायचं, अशीच ती रीत आहे. येत्या रविवारी पाळकसाहेबांना आधी भेटा, मनातलं एकदा मोठ्याने बोला आणि मग पुढे या. झोपेचं मात्र मी प्रार्थनेवर ढकलणार नाही. तीन वर्षं झोप नाही म्हणजे डॉक्टरला दाखवायला हवं, आणि रात्री फारच नको नको ते विचार यायला लागले तर सरकारचा टेली मानसचा नंबर आहे १४४१६, फुकट आहे, रात्रीही चालतो, लाजू नका.

प्रश्न: रोज रात्री जपमाळ घेऊन बसते, तिसऱ्या दशकाला (दहा मण्यांच्या तिसऱ्या टप्प्याला) डोळा लागतो. पहाटे माळ उशीखाली सापडते. पाप लागतं का? (एक आजी, राजेंद्रनगर)

उत्तर: आजी, तुम्ही चांगल्या संगतीत आहात. फ्रान्समधल्या लिझ्यूची संत तेरेसा, जी १८९७ मध्ये अवघ्या २४ व्या वर्षी गेली, तिला मठात प्रार्थनेच्या वेळी हमखास झोप यायची, ती सुद्धा वर्षानुवर्षं, आणि तिने स्वतः लिहून ठेवलंय की मला याचं दुःख नाही, कारण लेकरू जागं असो की झोपलेलं, आईबापाला ते तेवढंच आवडतं. याच जोडीला तिने बायबलातलं १०३ वं स्तोत्र दिलंय, की तो आमची घडण जाणतो, आम्ही माती आहोत हे त्याला आठवतं. तिला एक गोष्ट फार आवडायची, लिफ्ट. १८८७ मध्ये इटलीच्या प्रवासाला गेली तेव्हा लिफ्ट बघितली, आणि पुढे लिहिलं की पूर्णत्वाचा जिना चढण्याइतकी मी मोठी नाही, येशूचे हात हीच माझी लिफ्ट. तुमचे गुडघे दुखतात असं तुम्ही लिहिलंय म्हणून मुद्दाम सांगितलं. चौथं दशक सकाळी म्हणा.

प्रश्न: मी ख्रिस्ती नाही, रामबागेत राहतो. नाताळला मित्राबरोबर चर्चमध्ये गेलो होतो, गाणी छान होती, पण मधेमधे आम्ही पापी, आमच्यावर दया कर, दया कर, हे जे चाललं होतं ते मला खटकलं. माणसाला सारखं खाली दाबायचं, लहान मुलांसमोर सुद्धा, याने काय साधतं? राग मानू नका.

उत्तर: राग कसला, प्रश्न रास्त आहे. आणि कबूल करते, आमच्यातले काही उपदेशक खरंच अती करतात, समोर बसलेल्या दहा वर्षांच्या पोराने ज्या पापांची नावंही ऐकली नाहीत ती त्याच्या गळ्यात बांधतात. मला ते कधीच पटलं नाही.

पण 'दया कर' हा शब्द मुळात कुठून आला ते ऐका. यरीहो गावाबाहेर रस्त्याच्या कडेला बार्तीमय नावाचा आंधळा भिकारी बसलेला असतो. येशू चाललाय हे कळल्यावर तो ओरडायला लागतो, दाविदाच्या पुत्रा, माझ्यावर दया कर. लोक म्हणतात गप रे. तो आणखी जोरात ओरडतो. आता मला सांगा, या माणसाने स्वतःला खाली दाबलंय का? अख्ख्या गर्दीला न जुमानता बोंबलणारा माणूस हा! येशू थांबून विचारतो काय करू तुझ्यासाठी, तो म्हणतो दिसू दे. म्हणजे दया कर याचा अर्थ 'मी कचरा आहे' असा नाही, 'ए, इकडे बघ, मी इथे आहे' असा आहे. जुन्या काळापासून उपासनेत जे 'किरिये एलेइसोन' म्हणतात ना, त्यात हीच हाक आहे, ग्रीकमध्ये.

हिब्रूत दयेला जो शब्द आहे, रहमीम, तो रेहेम म्हणजे गर्भाशय या शब्दापासूनचा. आपल्या मराठीत याला इतका चपखल शब्द आहे की मला कधी कधी वाटतं भाषांतरकारांना हा शब्द सापडला तेव्हा त्यांनी त्या दिवशी सुट्टी घेतली असेल: कळवळा. मराठी बायबलात येशूला लोकांचा कळवळा आला असं येतं. दया वरून खाली करता येते, साहेबाने शिपायावर करावी तशी. कळवळा वरून येत नाही, तो पोटातून येतो.

आणि खरं सांगू का, तुमच्या कानाला हे एवढं परकं वाटायला नको. विठ्ठलाला पतितपावन म्हणणारा वारकरी पतित कोणाला समजतो, शेजाऱ्याला? स्वतःलाच ना. पण त्याने तो खचत नाही, नाचत पंढरपूरला जातो. रेव्हरंड नारायण वामन टिळक (१८६१ ते १९१९) म्हणायचे की मी तुकोबांच्या पुलावरून ख्रिस्ताकडे आलो. दोन्हीकडचं सगळं एकच आहे असलं गुळमुळीत मी म्हणणार नाही, फरक आहेत आणि ते मोठे आहेत, पण आईला हाक मारताना लेकरू आपली लायकी तपासत नाही एवढं दोन्हीकडे कळतं. पुढच्या नाताळला या, आमच्याकडे करंज्या असतात.

प्रश्न: मावशी, मी २७ वर्षांची, विजयनगरला एका कंपनीत आहे. आमचा टीम लीड माझं काम स्वतःच्या नावावर खपवतो, दोन वेळा झालं. घरी सांगितलं तर आई म्हणते आपण ख्रिस्ती, नम्र राहायचं, प्रभू बघून घेईल. मी गप्प बसते आणि रात्री प्रार्थनेत रडते. नम्रता म्हणजे हेच का?

उत्तर: नाही गं बाळा. आईला माझा नमस्कार सांग आणि म्हण की मावशी म्हणते हे गप्प बसणं आहे, आणि गप्प बसण्याला नम्रतेचं नाव दिलं की ते शोभून दिसतं इतकंच. मीही आयुष्यभर हेच करत आले, शाळेत सिनियॉरिटीवरून माझ्या डोक्यावर दुसरीला बसवलं तेव्हा मी स्टाफरूममध्ये पेढे वाटले आणि घरी येऊन तीन दिवस कुणाशी बोलले नाही. त्याला नम्रता म्हणायचं तर कोपरापासून हात जोडायचे.

बायबलमधली सगळ्यात नम्र प्रार्थना कुणाची असं मला विचारलं तर मी सोर सीदोनकडच्या त्या कनानी (म्हणजे यहुदी नसलेल्या) बाईचं नाव घेईन. मुलगी आजारी, ती येशूच्या मागे ओरडत येते. तो आधी उत्तरच देत नाही. शिष्य म्हणतात हिला घालवा. मग तो म्हणतो मुलांची भाकर घेऊन कुत्र्यांना टाकणं बरं नव्हे. दुसरं कोणी असतं तर फणकाऱ्याने निघून गेलं असतं, नाहीतर तिथेच मोडून पडलं असतं. ही बाई म्हणते, खरंय प्रभू, पण धन्याच्या मेजावरून पडलेला चुरा कुत्रीही खातात की! वाद घातला तिने. देवाशी! तिने स्वतःला मोठंही केलं नाही आणि मागणंही सोडलं नाही, आणि येशू म्हणतो बाई, तुझा विश्वास मोठा. (हा प्रसंग मला अजूनही टोचतो, येशू असा का बोलला यावर मी कितीतरी उपदेश ऐकले, एकाही उपदेशाने ती टोच गेली नाही. पण ती बाई आवडते.)

आणि खुद्द येशूला महायाजकापुढे शिपायाने थोबाडीत मारली तेव्हा तो काय म्हणाला? मी वाईट बोललो असेन तर दाखव, बरोबर बोललो असेन तर मला का मारतोस. एवढंच, शांतपणे, पण विचारलं.

स्पेनमध्ये आविला गावची तेरेसा होती, सोळाव्या शतकातली, लिझ्यूच्या तेरेसाच्या कितीतरी आधीची, भारी खमकी बाई. देवाला नम्रता एवढी का आवडते याचा ती विचार करत होती, आणि तिला उत्तर सापडलं की देव म्हणजे सत्य, आणि नम्रता म्हणजे सत्यात चालणं. बघ हं, सत्य दोन्ही बाजूंनी असतं. मी केलेलं काम मी केलं असं म्हणणं हे सत्य. आणि त्या कामात माझी एक चूक होती जी दुसऱ्या कोणीतरी रात्री जागून निस्तरली, हेही त्याच मेलमध्ये लिहिणं हे सत्य. पहिलं लिहिलंस आणि दुसरं गाळलंस तर तू आणि टीम लीड एकाच बाकावर. तर सोमवारी तारखांसकट नीट मेल लिही, त्यालाच आधी, मग वरच्याला. प्रभू बघून घेईल हे खरं आहे गं, पण मेल तो टाईप करत नाही.

प्रश्न: आमच्या घरसभेत काही जण इतकी सुंदर प्रार्थना करतात, वचनांवर वचनं, मला दोन वाक्यांपुढे येत नाही. माझी पाळी आली की घाम फुटतो. कसं शिकू?

उत्तर: नका शिकू! मी शिकले आणि काय झालं ते सांगते.

बारा पंधरा वर्षं झाली असतील. आमच्या ओळीतल्या एका घरी संध्याकाळची प्रार्थनासभा होती. त्या बाईंनी पोहे केले होते, आपल्या इंदूरच्या रीतीने उकळत्या पाण्याच्या पातेल्यावर वाफेला ठेवलेले, वरून जिरावण आणि शेव घालायची बाकी, प्लेटा मांडून ठेवलेल्या. शेवटची प्रार्थना माझ्याकडे होती. माझं तेव्हा नाव होतं, की या बाई काय प्रार्थना करतात! मी सुरू केलं. जगासाठी, देशासाठी, आजाऱ्यांसाठी, मग मंडळीसाठी. आणि मंडळीवर आल्यावर मी म्हटलं, प्रभू, जे तुझ्या सभेला नेहमी उशिरा येतात, ज्यांना तुझ्या घरापेक्षा स्वतःचं घर मोठं वाटतं, त्यांना तू बुद्धी दे. डोळे मिटलेले होते पण सगळ्यांना माहीत होतं मी कोणाबद्दल बोलते, आणि ती दाराजवळच बसली होती, नेहमीप्रमाणे वीस मिनिटं उशिरा आलेली. देवाचं नाव घेऊन टोमणा मारला की उलटून उत्तर देता येत नाही ना, ती सोय असते.

मी आमेन म्हटलं. सगळ्यांनी म्हटलं. आणि दाराजवळून तिचं आमेन सगळ्यांच्या नंतर, एकटंच आलं, स्पष्ट, अगदी मनापासून. मी डोळे उघडून बघितलं तर तिच्या परकराच्या काठापर्यंत साडी ओली होती. त्या दिवशी नर्मदेच्या पाण्याचा दिवस होता, एक दिवसाआड नळ, आणि तो संध्याकाळीच यायचा त्यांच्या गल्लीत. सासू अंथरुणाला खिळलेली, दोन मजले बादल्या चढवून, टाकी भरून ती आली होती. आणि मी मागितलेली बुद्धी तिने स्वतःसाठी आमेन म्हणून घेतली. पोह्यांचा एव्हाना गोळा झाला होता, तो चमच्याने फोडून फोडून सगळ्यांना वाढला, कोणी काही बोललं नाही, आणि मला तो घास आजही आठवतो.

परुशी वाईट माणूस नव्हता हो, हे लक्षात घ्या. नियमशास्त्रात उपास वर्षातून एक दिवस सांगितलाय, प्रायश्चित्ताच्या दिवशी, हा दर आठवड्याला दोन करायचा. दशमांश चोख. असा माणूस आपल्या मंडळीत असता तर आपण त्याला खजिनदार केलं असतं. त्याचं बिघडलं एकाच ठिकाणी, प्रार्थना करताना त्याने तिरक्या डोळ्याने बाजूला बघितलं आणि म्हटलं, 'या जकातदारासारखा नाही'. मी तर डोळे मिटून सुद्धा बघितलं.

तेव्हा तुमची दोन वाक्यं बरी आहेत. पाळी आली की तीच म्हणा आणि पुढच्याला वाट द्या, पोहेही गरम राहतील.

प्रश्न: मी रिटायर वकील, स्नेहलतागंज. आयुष्य कोर्टात गेलं. शेवटच्या क्षणी दया कर म्हटलं की सगळं माफ, मग ज्याचं नुकसान झालं त्याने कुठे जायचं? मला ही दया फार स्वस्त वाटते.

उत्तर: वकीलसाहेब, तुमच्या सवयीप्रमाणे कागद नीट वाचू. शेवटच्या क्षणाचं उदाहरण म्हणजे येशूशेजारी वधस्तंभावर असलेला तो गुन्हेगार, जो म्हणाला तू आपल्या राज्यात येशील तेव्हा माझी आठवण ठेव. त्याला स्वर्ग मिळाला, पण वधस्तंभावरून कोणी उतरवलं नाही. आणि त्याने तशी मागणीही केली नाही, उलट तो दुसऱ्याला म्हणाला की आपल्याला आपल्या कर्माचंच मिळतंय. अपील केलंच नाही त्याने. तसंच लूकने जकातदाराच्या गोष्टीनंतर लगेच पुढच्या अध्यायात खराखुरा एक मोठा जकातदार आणून उभा केलाय, जक्कय. येशू त्याच्या घरी जेवायला गेला, आधी काही अट न घालता, आणि जक्कय आपणहून उभा राहून म्हणाला अर्धी मालमत्ता गरिबांना, आणि ज्याला लुबाडलं त्याला चौपट परत. दया आधी आली आणि वसुली तिच्या मागून, पण आली.

आणि आपल्याच इंदूरची गोष्ट तुम्हाला आठवत असेल. सिस्टर राणी मारिया, केरळची, देवास जिल्ह्यात उदयनगरकडे भूमिहीन आदिवासींमध्ये काम करायची, त्यांना सावकाराच्या तावडीतून सोडवायची, २५ फेब्रुवारी १९९५ ला इंदूरला येणाऱ्या बसमध्ये तिला भोसकून मारलं, ४१ वर्षांची होती. मारेकरी पकडला गेला, जन्मठेप झाली. २००२ मध्ये तिची सख्खी धाकटी बहीण, तीही सिस्टरच, तुरुंगात गेली आणि तिने त्याच्या हाताला राखी बांधली. पुढे २००६ मध्ये तो सुटला, त्याला फार पस्तावा झाला होता. ४ नोव्हेंबर २०१७ ला राणी मारियाला इथेच इंदुरात धन्य (संतपदाच्या आधीची पायरी) घोषित केलं, मैदानावर ही गर्दी, मी पण होते, पाय दुखले म्हणून शेवटी चपला काढून बसले. यात कोर्टाने आपलं काम केलं, निकाल लागला, माणूस आत गेला. राखीने निकाल बदलला नाही. पण बहिणीला मारणाऱ्याच्या मनगटाला गाठ मारताना त्या बाईला ती स्वस्त वाटली असेल का, ते तुम्हीच सांगा, माझी तर एवढी उलटतपासणी घ्यायची हिंमत नाही.

प्रश्न: आमच्याकडे उपासना हिंदीत, मुलं इंग्लिशमध्ये प्रार्थना करतात, मला मराठीशिवाय मनातलं बोलता येत नाही. मोठ्याने केली तर नातवंडं हसतात. काय करावं?

उत्तर: हसू द्या. बायबलातला नवा करार ग्रीकमध्ये लिहिलाय, पण गेथशेमाने बागेत येशू कळवळून प्रार्थना करतो तेव्हा मार्कने त्याच्या तोंडचा शब्द त्याच्या घरच्या अरामी भाषेतच ठेवलाय, अब्बा, म्हणजे बाप. वधस्तंभावरची हाक सुद्धा, एलोई, एलोई, म्हणजे माझ्या देवा, माझ्या देवा. फार दुखतं तेव्हा माणूस घरच्याच भाषेत बोलतो. तुमच्या आईने तुम्हाला ज्या भाषेत रागे भरलं आणि मग जवळ घेतलं त्याच भाषेत म्हणा. आणि नातवंडं हसली की त्यांना एवढं एकच वाक्य शिकवून ठेवा, मज पाप्यावर दया कर, 'मज' म्हणजे काय ते विचारतीलच.